दिंडातला गूळ

पुरणाची दिंडं वाफवल्याचा वास आला की मी स्वातंत्र्याआधीच्या पासली गावात, सासरच्या पहिल्या नागपंचमीत जाऊन पोचते. सासूबाईंची दिंडं त्या दिवशी सपक झाली होती. दुपारी देवळापुढं बायकांनी फेर धरला आणि गाता गाता माझ्या तोंडून निघून गेलं, "सासूबाईंच्या दिंडात गूळच न्हाई गं!"

फेर थांबला. तोच सासूबाई पदर खोचून फेरात शिरल्या आणि माझ्याकडं बघत गायल्या, "गूळ खाल्ला सुनंनं, नाव मुंग्यांचं बाई गं!" बायका हसून हसून खाली बसल्या.

तेच गाणं आता आमच्या खोऱ्यातल्या गावोगावच्या पोरी पंचमीला गातात. काल नातीनं विचारलं, "आजी, गूळ खरंच सुनेनं खाल्ला होता?"

"छे गं, मुंग्यांनीच," मी म्हटलं. खरं माझ्याखेरीज फक्त सासूबाईंना ठाऊक होतं.