गेममधली बहीण आणि आळीची रोझरी

लग्नाच्या मांडवात माझ्या हाती माईक आला की जेवणं थंड होतात, असं आमच्या आळीत म्हणतात. मला ते कौतुक वाटतं; नाटकं आणि नकला माझ्या अंगातच आहेत. त्यामुळे थोरल्या मुलीने मोबाईल पुढे करून "पप्पा, हा गेम खेळून बघ" म्हटलं, तेव्हा मी बाह्या सरसावूनच बसलो.

गेममध्ये ना गाडी होती, ना बंदूक. एक बंद दार, दारामागे शाळेत जायला तयार नसलेली लहान बहीण, आणि आपण तिचं मोठं भावंड. खाली वाक्यं येतात, त्यातलं एक निवडायचं. कोपऱ्यात विश्वासाची हिरवी पट्टी असते, ती आपल्या निवडीप्रमाणे वाढते किंवा घटते. असे सिम्युलेशन गेम बरेच असतात म्हणे. थोरलीने सापडतील तेवढे उतरवून घेतले होते, कारण आमच्याही घरात तसं एक दार होतं. नववीतली धाकटी पावसाळा संपता संपता शाळेत जायची थांबली. आधी पोट दुखायचं, मग डोकं, मग काहीच दुखेना आणि तरी ती जाईना. का जात नाही, याबद्दल मी इथे एक परिच्छेद लिहिला होता. तो धाकटीने वाचला आणि मला काढायला लावला.

मी पहिल्याच फटक्यात विनोदाचं वाक्य निवडलं. पट्टी घसरली.

"मी तिला हसवत होतो!" मी ओरडलो.

"ती हसली का?"

मग मी आइस्क्रीमचं आमिष दाखवलं. पट्टी आणखी घसरली. शेवटी 'शेजारच्या काकूंना सांगा, त्या समजावतील' हे वाक्य दाबलं. पडदा काळा झाला. त्यावर अक्षरं आली: 'तिने सगळं ऐकलं.' गेम संपला.

"आता हे दाब," थोरली म्हणाली. वाक्य होतं, 'दाराबाहेर बसून राहा. काही बोलू नका.'

"हा काय रोल झाला? याला तर माणसाऐवजी नाटकातला पडदासुद्धा चालला असता!"

पण पुन्हा पुन्हा हरून मी शिकलो. एका संध्याकाळी गेममधलं दार उघडलं, ती चित्रातली मुलगी बाहेर येऊन भात जेवली, आणि मी हॉलभर नाचलो. बायकोला स्वयंपाकघरातून ओढून आणून दाखवलं.

खरं काम थोरली करत होती. विरारहून कॉलेज आटोपून आली की स्वतःचं पुस्तक घेऊन बहिणीच्या पलंगापाशी बसायची. विचारायची काही नाही. हळूहळू धाकटी जेवायला बाहेर येऊ लागली, मग घरामागच्या वाडीत फुलं काढायला.

ऑक्टोबरात आमच्या आळीत मरियामातेची मूर्ती घरोघर फिरते. रोज संध्याकाळी एका घरी रोझरी, म्हणजे जपमाळेची प्रार्थना, होते, दुसऱ्या दिवशी मूर्ती पुढच्या घरी जाते. आमची पाळी आली त्या सकाळी धाकटीने स्वतः मूर्तीसाठी हार ओवला. संध्याकाळी हॉल भरला, आणि ती येऊन मागे, थोरलीच्या शेजारी बसली. मला इतका आनंद झाला की काही विचारू नका.

प्रत्येक दशकाआधी, म्हणजे दहा-दहा 'नमो मरिये'च्या फेरीआधी, घरमालक हेतू मांडतो, प्रार्थना कोणासाठी ते सांगतो. मी उभा राहिलो. आजारी माणसांसाठी झालं, परदेशातल्या मुलांसाठी झालं. मग माझा आवाज आपोआप खाली आला. "आणि माझ्या धाकट्या लेकीसाठी," मी म्हटलं आणि थांबलो. कुठे थांबायचं ते मला कळतं. "ती शाळेचं तोंड बघत नाही. खोलीत बसून असते. रात्री रडते."

सगळा हॉल मागे वळला. 'नमो मरिये' एवढं मोठ्याने आमच्या घरात कधी झालं नव्हतं. ते संपलं तेव्हा धाकटी जागेवर नव्हती.

नंतर चणे वाटताना शेजारच्या मावशी म्हणाल्या, "शाळेत जात नाय? अरे, माझ्या नातवाचं असंच होतं. दोन कानफटात दिल्या, सरळ झाला." दुसऱ्या कोणाची हेडमास्तरांशी ओळख निघाली. थोरली प्लेटी फिरवत होती. स्वयंपाकघरात मला एकट्याला गाठून ती म्हणाली, "गेममध्ये हेच करून हरला होतास ना?"

"मी शेजाऱ्यांना कुठे सांगितलं? मी देवाला सांगितलं!"

"देव मागे वळून बघत नव्हता, पप्पा. बाकी सगळे बघत होते."

मला खरोखरच सुचलं नव्हतं की प्रार्थना म्हणजेही सांगणंच. पण मला लाज वाटली ती त्याची नव्हे. प्रार्थना म्हणता म्हणता कोणाकोणाचे डोळे ओले झाले ते मी पाहून घेतलं होतं, आणि मला बरं वाटलं होतं. लाज त्याची.

पाहुणे गेल्यावर मी तिच्या दाराबाहेर जमिनीवर बसलो. चूपचाप.

"पप्पा, तू आहेस ना?" आतून आवाज आला.

"कसं कळलं?"

"तू श्वासपण मोठ्याने घेतोस."

"सॉरी, बाळा."

"मला नको बोलू. ज्यांना सांगितलंस त्यांना सांग. माझी गोष्ट तू नाही सांगायची. आणि ॲक्टिंग नको."

दुसऱ्या दिवशी पुढच्या घरी, घरमालकाला विचारून, मी उभा राहिलो. "काल मी माझ्या मुलीबद्दल तिला न विचारता बोललो. ते चुकलं. हेतू माझ्यासाठी धरा." एवढंच. हात कुठे ठेवायचे ते मला कळेना. खोलीत कोणी आमेनसुद्धा म्हणेना.

"ते असू दे," मावशी म्हणाल्या, "पण पोरगी जाते की नाय शाळेत?"

सगळे माझ्याकडे बघत होते. उत्तर माझ्या जिभेवर होतं, सगळ्यांच्या आवाजांच्या नकलांसकट.

"ते मी सांगणार नाही, मावशी."

घरी येऊन पुन्हा दाराबाहेर बसलो आणि जे बोललो ते शब्दशः तिला सांगितलं.

"किती जण हसले?"

"कोणीच नाही."

"रडलं कोणी?"

"नाही."

"तुला कसंतरी झालं?"

"खूप."



"बरं," ती म्हणाली. दार काही उघडलं नाही. मी बसून राहिलो, आणि तिनेही मला जा म्हटलं नाही.