नॉकराथचा निरक्षर

नॉकराथ नावाचा मतदारसंघ आता कुठेच नाही. एकोणीसशे बावीस साली इंग्रज गेले, डब्लिनला आमचं राज्य आमच्या हाती आलं, लंडनच्या सभागृहात माणूस धाडायची गरज संपली आणि नॉकराथचं नाव यादीतून पुसलं गेलं. जुन्या निकालांचं एक जाडजूड पुस्तक आहे, त्यात आमच्या वाट्याला एक पान आलंय. वरच्या अर्ध्या पानात जमीनदार अर्लसाहेबांचा भाऊ, मग मुलगा, मग जावई. खालच्या अर्ध्यात दोन-तीन निकाल सोडले तर ‘बिनविरोध’, ‘बिनविरोध’, पुन्हा ‘बिनविरोध’. मधे एक ओळ मात्र सगळ्यांहून वेगळी आहे: १८९२, निवडणूक न्यायालयाने रद्द ठरवली. का रद्द ठरवली, ते लिहिणाऱ्याला सुचलं नाही. मॅलॅकी टोलनचं नाव तर शोधूनही सापडायचं नाही. असली पुस्तकं चुलीत घालावीत.

मॅलॅकी थडग्यांच्या दगडांवर अक्षरं कोरायचा. तीस वर्षं तेच काम. आमच्या दफनभूमीत जो कोणी पडलाय त्याचं नाव, साल आणि चांगुलपणा मॅलॅकीच्या छिन्नीतून उतरलेला. माणूस तिरसट होता. कोणी चुकीचं स्पेलिंग लिहून आणलं की कागद परत करायचा. म्हणायचा, “मेलेला माणूस उठून चूक दुरुस्त करणार नाही, तेव्हा आत्ताच नीट लिहून आणा.” बायकोच्या, बिडीच्या दगडावर मात्र त्यानं कोणाला न विचारता स्वतःच्या मनची एक ओळ कोरली होती: ‘हिचं बोलणं अजून घरात आहे.’ नवे धर्मगुरू फादर डिग्नन यांना ती ओळ आवडली नव्हती. त्यात देवाचं नाव नाही म्हणे.

मॅलॅकीच्या रागाचं मूळ जुनं होतं. त्याच्या आजोबांच्या काळी मत तोंडानं द्यावं लागे. बाजारात लाकडी मंचावर चढायचं, आपलं नाव सांगायचं आणि मत कोणाला ते मोठ्यानं बोलायचं. समोर अर्लसाहेबांचा कारभारी बसलेला असायचा. बावन्न साली हे आजोबा, ओवेन टोलन, मंचावर चढले आणि अर्लसाहेबांच्या जावयाच्या विरुद्धचं नाव घेतलं. पुढच्या वसंतात कारभारी माणसं आणि तुळई घेऊन आला, घराचं छप्पर खाली ओढलं आणि सातजणांना रस्त्यावर बसवलं. टोलनांची जमीन गेली ती गेलीच. मॅलॅकीचा बाप दगडाच्या खाणीत लागला, पोरगा छिन्नीला लागला, इतकंच.

बाहत्तर साली गुप्त मतदानाचा कायदा आला. पंच्याऐंशी साली घर चालवणाऱ्या प्रत्येक पुरुषाला मत मिळालं. मॅलॅकी तेव्हा एक्केचाळीस वर्षांचा होता. पडद्याआड गेला, पेन्सिलीनं फुली मारली, कागद पेटीत टाकला आणि घरी येऊन गप्प बसला. बिडी तेव्हा होती. तिनं विचारलं, “कोणाला दिलंत?” तो म्हणाला, “सांगणार नाही. आपल्या घराण्यात न सांगण्याची सोय पहिल्यांदाच झालीय. जरा भोगू दे.”

ती सोय त्याला एकदाच भोगायला मिळाली. पुढची निवडणूक बिनविरोध. आणि मग ब्याण्णव आलं.

तोवर स्वराज्य मागणाऱ्या आमच्या पक्षाची दोन शकलं झाली होती. नेत्याचं परक्याच्या बायकोशी नातं उघडकीला आलं, बिशप खवळले, नेता वर्षभरात झुरून मेला आणि मागे राहिलेले एकमेकांच्या उरावर बसले. धर्मगुरूंचा उमेदवार होता कनिफ नावाचा वकील. मेलेल्या नेत्याच्या बाजूनं उभा होता हॅन्रॅटी, गुरांचा व्यापारी. मॅलॅकी हॅन्रॅटीकडे झुकलेला होता आणि फादर डिग्ननना ते चांगलं ठाऊक होतं.

मतदानाच्या आदल्या दिवशी दुपारी फादर मॅलॅकीच्या अंगणात आले. त्याच्या अर्धवट कोरलेल्या दगडावरून हात फिरवला. फादरांचा आवाज नेहमीच लोण्यासारखा.

“मॅलॅकी, तुझ्या मताचं काय ठरलं?”

“ते माझ्या खिशात आहे, फादर.”

“यंदा खिसे चाचपायची वेळ आलीय बाबा. कायद्यात एक चांगली सोय आहे. ज्याला वाचता येत नाही, त्यानं अधिकाऱ्यासमोर तसं सांगायचं आणि आपल्या उमेदवाराचं नाव बोलायचं. अधिकारी फुली मारतो. आपले धाकटे फादर तिथेच बसलेले असतील, कनिफसाहेबांचे प्रतिनिधी म्हणून. त्यांच्या कानावर पडलं की माझ्या जिवाला स्वस्थता.”

“मग ज्यांना वाचता येत नाही त्यांना सांगा.”

“त्यांना सांगून झालं. आता वाचता येणाऱ्यांना सांगतोय.”

मॅलॅकीनं छिन्नी खाली ठेवली. “फादर, तुमच्या आधीचे फादर गेले तेव्हा त्यांच्या दगडावरचं लॅटिन मी कोरलं. त्यातली एक चूक मी तुम्हाला दाखवली होती.”

“आठवतंय,” फादर म्हणाले. “आणि विनी कशी आहे? मुलं फार खूश आहेत तिच्यावर. शाळेचा व्यवस्थापक म्हणून मलाच सही करावी लागते ना तिच्या कागदांवर, म्हणून विचारलं.” टोपी नीट करून ते निघून गेले.

विनी ही मॅलॅकीची एकुलती एक मुलगी, गावातल्या प्राथमिक शाळेत शिक्षिका. शिक्षकांच्या परीक्षेत ती तालुक्यात पहिली आली होती. शाळेतून काढलेल्या बाईला दुसऱ्या गावचा धर्मगुरू दारातही उभं करत नसे. मग उरायची ती देश सोडून जायची बोट, नाहीतर कोणाच्या तरी घरची भांडी. जमीनदाराच्या कचाट्यातून सुटून टोलन आगीतून फुफाट्यात पडले होते, आणि या वेळचा कारभारी रविवारी आशीर्वादही देत होता.

संध्याकाळी बटाटे सोलता सोलता विनीनं सगळं ऐकून घेतलं.

“म्हणून टाका, बाबा,” ती म्हणाली. “एक वाक्य आहे. कोण लक्षात ठेवतंय?”

“मी.”

“तुमचा ताठा मला परवडायचा नाही. शाळा गेली तर मी काय करू, ते सांगा आधी.”

 खरं बोलणाऱ्या पोरीवर रागावता येत नाही, म्हणून मॅलॅकी सगळा राग गिळून बसला.

दुसऱ्या दिवशी मतदान शाळेतच होतं. डब्लिनहून आलेला अधिकारी टेबलामागे बसला होता, शेजारी दोन्ही बाजूंचे प्रतिनिधी. त्यात धाकटे फादर, मांडीवर हात ठेवून, कान टवकारून. मॅलॅकीच्या पुढे पोस्टमन बार्टल फे होता.

“मला वाचता येत नाही, साहेब,” बार्टल म्हणाला.

अधिकाऱ्यानं मान वर केली. “तुम्ही पोस्टमन ना?”

“होय साहेब.”

“मग पाकिटांवरचे पत्ते?”

“अंदाजानं, साहेब.”

अधिकारी हसला. त्याचा कारकूनही हसला. “अजब गाव आहे,” अधिकारी कारकुनाला म्हणाला. “सकाळपासून शिंपी झाला, दुकानदार झाला, आता पोस्टमन. यांना स्वराज्य पाहिजे म्हणे.” ते हसू मॅलॅकीच्या छातीत खिळ्यासारखं बसलं. हसणाऱ्याचं चूक होतं असंही म्हणता येईना, हीच मोठी चीड.

त्याची पाळी आली. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच. त्यानं वाक्य म्हटलं. कनिफचं नाव घेतलं. धाकट्या फादरनी मान डोलावली. अधिकाऱ्यानं छापील जबानी पुढे सरकवली आणि सहीच्या जागी बोट ठेवलं. निरक्षरानं सही करायची नसते, नुसती खूण करायची. ज्या हातानं गावातल्या प्रत्येक घराण्याचं नाव दगडात कोरलं, त्या हातानं मॅलॅकीनं कागदावर वाकडी फुली काढली.

कनिफ तीनशे मतांनी निवडून आला. हॅन्रॅटीनं दावा लावला की ही निवडणूक धर्मगुरूंनी धाकदपटशानं जिंकलीय. डिसेंबरात दोन न्यायाधीश आले, आमच्या कचेरीत कोर्ट बसलं. गावातले पंचवीसतीस ‘निरक्षर’ साक्षीला बोलावले गेले. एकेक जण पिंजऱ्यात चढायचा, बायबलवर हात ठेवायचा आणि वाचता येत नाही म्हणून सांगायचा. पुढच्या बाकावर फादर डिग्नन जपमाळ घेऊन बसले होते. साक्ष देऊन उतरणारा प्रत्येक जण आधी त्यांच्याकडे बघायचा, मग पायरीकडे.

मॅलॅकी घरून ठरवून आला होता. पुन्हा एकदा म्हणायचं आणि मोकळं व्हायचं. पोरीच्या पोटापाण्यापुढे आपला ताठा तो काय.

हॅन्रॅटीच्या वकिलानं विचारलं, “तुम्हाला वाचता येतं?”

“नाही, साहेब.”

“दफनभूमीतले दगड कोणी कोरले?”

“मी.”

लोक हसले. मग कनिफचा वकील उठला, मॅलॅकीला वाचवायला. भला माणूस होता दिसायला.

“महाराज, यात नवल काही नाही. विणकर कापडावर फुलं विणतो, म्हणून तो माळी होत नाही. हा साधा कारागीर. कोणी कागदावर आकार काढून देतो, हा तसाच दगडावर उतरवतो. आपण काय कोरलं हे त्याला कळायचं कारणच नाही. असंच ना, टोलन?”

मॅलॅकीनं नखानं कठड्याचं लाकूड खरडलं.

“घाबरू नका. तुमच्या पत्नीच्या दगडावरही तुम्हीच कोरलंय म्हणतात. तिथे काय लिहिलंय, ते तुम्हाला ठाऊक नाही. बरोबर?”

फादर डिग्नननी पुढच्या बाकावरून हळूच मान हलवली. म्हण, हो म्हण.

खोट्यालाही एक तळ असतो, तो मॅलॅकीला तेव्हा लागला. वाचता येत नाही, हे तो म्हणाला होता. पोस्टमनच्या मागे उभा राहून, हसू झेलून म्हणाला होता. पण बिडीवर आपण काय लिहिलंय ते आपल्याला माहीत नाही, हे त्याच्या जिभेवर येईना.  पिंजऱ्याचा कठडा त्यानं घट्ट धरला.

“तो कागद द्या,” तो म्हणाला.

“कुठला कागद?”

“माझ्या फुलीचा.”

थोरल्या न्यायाधीशांनी खूण केली, कारकुनानं जबानी शोधून दिली. मॅलॅकीनं ती दूर धरली, कारण चष्मा घरी होता, आणि खणखणीत आवाजात वाचली:

“मी, मॅलॅकी टोलन, नॉकराथचा राहणारा, मतदार क्रमांक दोनशे चौदा, याद्वारे जाहीर करतो की मला वाचता येत नाही.”

कचेरीत कोणी हसलं नाही.

“यात ‘याद्वारे’ चुकीचं छापलंय,” मॅलॅकी म्हणाला. “एक अक्षर कमी आहे.”

“टोलन,” न्यायाधीश म्हणाले, “तुम्ही शपथेवर दोन वेगवेगळ्या गोष्टी सांगितल्यात. खरी कोणती?”

“पहिली मला शिकवलेली होती, महाराज. दुसरी माझी. आणि कोणी शिकवली ते विचारणार असाल, तर ते पुढच्या बाकावर बसलेत.”

त्याच्यानंतर बार्टल पुन्हा पिंजऱ्यात आला आणि त्यालाही वाचता यायला लागलं. मग शिंप्याला. आठवड्यात निवडणूक रद्द झाली. फेब्रुवारीत फेरनिवडणूक झाली, थोडक्या मतांनी पुन्हा कनिफच आला, पण त्या दिवशी अख्ख्या नॉकराथमध्ये तीनच निरक्षर निघाले आणि तिघंही अस्सल होते. फादरांचा हिशोब मात्र फेब्रुवारीपर्यंत थांबणारा नव्हता.

कोर्टातून मॅलॅकी घरी आला तेव्हा विनीला बातमी आधीच कळली होती. त्यानं दारातच सांगून टाकलं, “तुझी शाळा घालवून आलोय मी.”

तिनं चहा ओतला, तो तिच्याच हातात निवला. मॅलॅकीला वाटलं, आता ही आरडाओरडा करेल, आणि करू दे, तिचा हक्क आहे.

“ते वाक्य तुमच्या तोंडात मी घातलं,” ती शेवटी म्हणाली. “फादरनी नाही, मी. त्यांची भीती होती, पण म्हणा म्हणून सांगणारी मी. मी मुलांना वाचायला शिकवते, बाबा. मला माझीच लाज वाटते.” ती चिडली होती, पण मॅलॅकीवर नाही.

कोर्टानं निवडणूक रद्द केली त्याच्या दुसऱ्या दिवशी मॅलॅकी तिच्याबरोबर शाळेपर्यंत चालत गेला. काम सोडून आला होता, कपड्यांवर दगडाची भुकटी तशीच. अकराच्या सुमाराला फादर डिग्नन आले. दारात उभ्या मॅलॅकीकडे त्यांनी पाहिलंच नाही. सरळ टेबलापाशी गेले आणि विनीच्या हातात पाकीट दिलं. बाकांवरची साठ मुलं उठून उभी राहिली.

“हे घरी जाऊन वाच,” फादर म्हणाले.

विनीनं पाकीट उघडलं, कागद बाहेर काढला, एकदा उलटा धरला, एकदा सुलटा. मग तो परत फादरांच्या पुढे धरला.

“मला वाचता येत नाही, फादर,” ती म्हणाली. “आमच्या घरात कोणालाच येत नाही, तुम्हाला ठाऊकच आहे. तुम्हीच वाचा. कायद्यात सोय आहे ना, मोठ्यानं.”

फादर दाराकडे वळले. दारात मॅलॅकी होता आणि तो बाजूला सरकला नाही. मुलं उभीच होती, बसा म्हणून कोणी सांगितलं नव्हतं. फादरांचा चेहरा कपाळापर्यंत लाल झाला. त्यांनी कागद घेतला. लोण्यासारखा आवाज होता तो कुठे गेला कोण जाणे. श्रीमती विनिफ्रेड टोलन यांना तीन महिन्यांची नोटीस देण्यात येत आहे, त्यानंतर त्यांची सेवा समाप्त होईल, इथवर त्यांनी वाचलं. कारणाची ओळ त्यांनी ओठांतल्या ओठांत उरकली.

“कारण ऐकू आलं नाही, फादर,” विनी म्हणाली. “मागच्या बाकांपर्यंत जाऊ दे.”

“शाळेच्या नैतिक हितासाठी,” फादर म्हणाले.

मागच्या बाकावरचं कोणीतरी म्हणालं, ऐकू आलं नाही. फादरना ते पुन्हा वाचावं लागलं.