वाटीला न कळलेली गोष्ट

ती केस आठवली की आजही मी खुर्चीत सरळ होऊन बसतो. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले, पण ज्या प्रकरणात एक स्टीलची वाटी साक्षीला उभी राहिली असं हे एकच. निवृत्तीच्या आदल्या वर्षीची गोष्ट. ती माणसं सोलापुरातच आहेत, त्यामुळे नावं सांगणार नाही.

गुरुवार होता. सकाळची हजेरी आटोपून मी मिसिंग रजिस्टर चाळत बसलो होतो. शुक्रवार पेठेतली एक तिशीतली बाई समोर येऊन उभी राहिली. तिचा नवरा चादरींच्या दुकानात सेल्समन. दोन महिन्यांपूर्वी कामावर म्हणून गेला तो परतलाच नव्हता आणि मोबाईल त्याच दिवसापासून बंद होता. तपास माझ्याच ठाण्याकडे होता आणि खरं सांगायचं तर थंडावला होता.

“साहेब, आमच्या घरचे येतील मिसिंग बंद करा म्हनायला. तुमी करू नका.”

“का बंद करा म्हणतील?”

“ते गेले म्हनं. वाटीत आले होते.”

मला काही उमगेना. मग तिनं सांगितलं. पेठेत एक निवृत्त ड्रॉइंग मास्तर होते, सगळे त्यांना गुरुजी म्हणत. ते प्लँचेट करायचे. कॅरम बोर्डावर खडूनं अक्षरं लिहायची, मध्ये वाटी पालथी घालायची, त्यावर बोट ठेवायचं आणि आत्म्याला बोलवायचं. वाटी सरकत सरकत अक्षरांवर थांबते आणि निरोप तयार होतो. नवऱ्याच्या आत्म्यानं निरोप दिला होता: मोहोळच्या रस्त्याला विहिरीत पडलो, माझी वाट बघू नका, मी इथंच घरात तुमच्याजवळ आहे.

सासूनं विश्वास ठेवला. सोमवारी विधी करायचा, सुनेच्या बांगड्या काढायच्या आणि तिला अक्कलकोटला माहेरी धाडायचं असं ठरलं. सात वर्षांत मूल झालं नाही म्हणून ती आधीच घरात नकोशी होती.

“मी विधवा हाय का न्हाई, एवढंच सांगा की साहेब,” ती म्हणाली. “सोमवारच्या आत सांगा.”

मी ताबडतोब मोहोळ ठाण्याला फोन लावला. गेल्या दोन महिन्यांत विहिरीत बेवारस प्रेत सापडल्याची अकस्मात मृत्यूची एकही नोंद नव्हती. आमचे हवालदार गालात हसत म्हणाले, “साहेब, मयताचा जबाब कुठल्या कलमाखाली घ्यायचा?” सगळं ठाणं हसलं. मला मात्र तिच्या हातातल्या हिरव्या बांगड्या दिसत होत्या.

माझ्या ओळखीचे मानसशास्त्राचे एक निवृत्त प्राध्यापक होते. भुताखेतांच्या शास्त्रीय संशोधनावरची जुनी पुस्तकं जमवण्याचा त्यांना नाद. संध्याकाळी मी त्यांच्याकडे गेलो आणि दोन तास मंतरल्यासारखा ऐकत राहिलो. शंभराहून जास्त वर्षांपूर्वी इंग्लंडातल्या मोठमोठ्या विद्वानांनी यासाठी मंडळ काढलं होतं. ज्यांना भूत दिसलं त्यांचे जबाब घ्यायचे, साक्षीदारांना वेगवेगळं विचारायचं, वेळ लिहून ठेवायची, पुरावा तपासायचा. अहो, हा तर आमचाच धंदा! टेलिपथी हा शब्दसुद्धा त्यांनीच घडवला. काहीजण तर मरण्यापूर्वी पाकिटात मजकूर सील करून ठेवून गेले, मेल्यावर तो माध्यमातून, म्हणजे आत्मा ज्याच्या तोंडून बोलतो म्हणतात त्या माणसाकडून, सांगता येतो का ते पाहायला. कितीतरी माध्यमं लबाडी करताना पकडली गेली. काही थोड्यांचं कोडं मात्र सुटलं नाही.

“सगळ्यात अवघड काय होतं माहितीये?” प्राध्यापक म्हणाले. “माध्यमानं खरी गोष्ट सांगितली, तरी ती मेलेल्याकडून आली की समोर बसलेल्या जिवंत माणसाच्या मनातून, हे कसं ओळखायचं? म्हणून खोलीतल्या कुणालाच ठाऊक नसलेली गोष्ट वाटीनं सांगायला हवी.”

म्हणजे माझे संशयित तीन झाले: आत्मा, मनकवडेपणा आणि गुरुजींना आतली गोष्ट पुरवणारा एखादा खबऱ्या. मला अर्थातच तिसऱ्यावर संशय होता.

रविवारी दुपारी मी साध्या कपड्यांत, प्राध्यापकांना घेऊन त्या बाईच्या घरी गेलो. विधीच्या आधी शेवटचं एकदा प्लँचेट होणार होतं. वाटीवर गुरुजींचं आणि सासूचं बोट. प्राध्यापक एकेक अक्षर वहीत टिपत होते. बराच वेळ ‘सुखी आहे’, ‘रडू नका’ असंच चाललं होतं. मग वाटी सुसाट सुटली: इरकल नेसताना चिठ्ठी वाचलीस, आता दुःख करू नको.

“कसली चिठ्ठी?” ती बाई म्हणाली. सासूलाही ठाऊक नव्हतं. मी सुनेला आत जाऊन पाहायला सांगितलं आणि मागोमाग गेलो. कपाटात तिची दर सोमवारी देवळात जाताना नेसायची इरकल साडी घडी घालून ठेवलेली होती. नवरा गेल्यापासून तिनं तिला हात लावला नव्हता. घडी उलगडली आणि त्यातून कागद पडला.

अंगावर सर्रकन काटा आला, खोटं कशाला सांगू! बाहेर सगळे गुरुजींच्या पाया पडत होते. प्राध्यापकांनी वही मिटली. “साहेब, याच एका गोष्टीसाठी त्या लोकांनी जन्म घालवला हो,” ते पुटपुटले.

बाईनं चिठ्ठी वाचली आणि माझ्या हातात दिली. डॉक्टरी तपासणीत मूल न होण्याचा दोष त्याच्यात निघाला होता. तू निर्दोष आहेस, आईला हे दाखव, मला तोंड दाखवायची लाज वाटते, असं लिहिलं होतं. ती भिंतीला टेकून खाली बसली.

“दोन महिने घरातच हायेत म्हनं,” ती म्हणाली. “मग मी चिठ्ठी वाचलीच न्हाई, हे दिसलं न्हाई व्हय त्यांना?”

मी जागच्या जागी उभा राहिलो. बाईनं केस फोडली होती! घरात वावरणाऱ्या आत्म्याला चिठ्ठी न वाचताच पडून आहे हे कळलं असतं. वाटी तिच्या मनातलं वाचत असती, तरी कळलं असतं. चिठ्ठी वाचली गेली असं कोण समजणार? जो ती ठेवून निघून गेला आणि पुढचं ज्यानं पाहिलं नाही, तोच. आणि गुरुजींना हे त्यानंच सांगितलं असणार. खोट्या जबाबात खरं बोलतं ते नेमकं असं चुकलेलं वाक्य.

गुरुजींना मी ठाण्यात आणलं. आवाज चढवला नाही. चहा मागवला, त्यांच्या चित्रकलेची चौकशी केली, आणि कप ओठाला लागल्यावर सहज विचारलं, “गुरुजी, त्या पोराच्या जेवणाचे हाल होतात का हो तिकडे?”

“छे, खानावळीतच तर—” म्हणाले आणि थांबले. 

मग सगळं भडाभडा बाहेर आलं. तो त्यांचा जुना विद्यार्थी. कुर्डुवाडीला स्टेशनजवळच्या खानावळीत काऊंटरवर बसत होता. मी मेलो म्हणून सांगा, म्हणजे ती मोकळी होईल आणि दुसरं लग्न करील, अशी गळ त्यानंच घातली होती. “तिचं भलं होईल वाटलं, साहेब,” गुरुजी रडत म्हणाले. मी त्यांना चांगलंच झापलं. उद्या तिच्या हातातल्या बांगड्या फुटणार होत्या, ते भलं?

कुर्डुवाडीला मी स्वतः गेलो. दाढी वाढलेला तो माणूस गिऱ्हाइकाला कुपन देत होता. जिवंत माणूस बघून मला इतका आनंद कधी झाला नव्हता!

सोमवारी सकाळी, विधीच्याच वेळेला, सगळे माझ्या केबिनमध्ये होते. आईनं लेकाला कवटाळलं. मी रजिस्टरात ‘मिळून आले’ असा शेरा मारला. सज्ञान माणूस आपखुशीनं गेलेला, त्याच्यावर गुन्हा कसला? सासू डोळे पुसत सुनेला म्हणाली, “चल ग, घरी चल.”

ती हलली नाही. नवऱ्याकडे बघत म्हणाली, “कागदावर लिव्हलंय ते तोंडानं सांगा. हितं, सगळ्यांसमोर. मग येते.”

 तो घामानं निथळत होता. शेवटी म्हणाला, “आई, दोष माझ्यात हाय. हिच्यात न्हाई.”

सासूनं सुनेकडे पाहिलं, आणि सात वर्षांत पहिल्यांदाच सासूची मान खाली गेली.

भूत असतं की नसतं, मी सांगू शकत नाही. प्राध्यापकांच्या पुस्तकांत अजून काही प्रकरणं उत्तराविना आहेत आणि त्यांचा मी मान राखतो. ‘याला काय माहीत आहे’ एवढंच मी आयुष्यभर विचारत आलो होतो. ‘याला काय माहीत नाही’ हे विचारायला मला त्या बाईनं शिकवलं. आणि एक गोष्ट अजून मनातून जात नाही. तो माणूस मरायला तयार होता, घर सोडायला तयार होता, वाटीत शिरायलाही तयार होता. आईसमोर दोन वाक्यं बोलायला तेवढा तयार नव्हता.