माझ्या तोंडी दुसरीचा आवाज

माझ्या पहिल्या मोठ्या सिनेमात मी जवळजवळ प्रत्येक प्रसंगात आहे, पण त्यात माझा एक शब्दही नाही. ओठ माझे, डोळे माझे, रडणं माझं आणि आवाज दुसऱ्याच बाईचा. हे मला कुणी आधी सांगितलं नव्हतं. मला ते खोपोलीच्या थिएटरात, आईच्या शेजारी बसल्यावर कळलं.

मी लोधिवलीजवळच्या एका गावची. वडील मोहोपाड्याला केमिकल कंपनीत पाळीवर जायचे आणि उरलेल्या वेळात भातशेती बघायचे. घरात सिनेमाचा काही संबंध नव्हता. आमच्या आळीतली एक काकी कर्जतजवळ लागणाऱ्या सेटवर गर्दीत उभ्या राहायला बायका घेऊन जायची. नऊवारी नेसता येणाऱ्या, तापलेल्या जमिनीवर अनवाणी चालणाऱ्या बायका तिला हव्या असायच्या. कॉलेजच्या शेवटच्या वर्षी सुट्टीत मीही तिच्याबरोबर गेले.

तिसऱ्या दिवशी एक गंमत झाली. एका प्रसंगात डोक्यावर गवताचा भारा घेतलेली बाई घोडेस्वाराला सांगते, "पाटील घरी नाहीत." एवढंच वाक्य. त्यासाठी मुंबईहून एक मुलगी आणली होती, पण भारा डोक्यावर चढवला की तिची मान हलायची आणि वाक्य अर्ध्यातच तुटायचं. दिग्दर्शक वैतागला. काकीनं मला पुढं ढकललं. मी भारा घेतला, चालत आले आणि म्हटलं, "पाटील घरी नायत."

सगळा सेट हसला. दिग्दर्शक म्हणाला, "पुन्हा. नीट म्हण."

मी पुन्हा तसंच म्हटलं. "नीटच म्हटलं, सर. ही बाई भारा वाहते. ती नायतच म्हणणार."

तो सहाय्यकाकडे वळून म्हणाला, "राहू दे. तसंच ठेवा."

त्या एका वाक्यामुळे मला पुढं कामं मिळत गेली. मालिकांमध्ये मोलकरीण, शेजारीण, दवाखान्यातली आया. सहा वर्षं अशी गेली. मग एका निर्मात्यानं बोलावलं. धरणाखाली गाव गेलेली एक बाई आपल्या माणसांसाठी उभी राहते, अशी गोष्ट होती. ती बाई मी. आमच्याच भागात, कर्जतच्या वरच्या अंगाला दोन महिने शूटिंग झालं. मी जीव ओतला. शूटिंगच्या वेळी घेतलेल्या आवाजात वारा, गाड्या, माणसं येतात, म्हणून नंतर स्टुडिओत बसून पडद्यावरच्या ओठांबरहुकूम सगळं पुन्हा बोलायचं असतं. त्याला डबिंग म्हणतात. मला त्याची तारीख येईना. मी फोन करायचे आणि सहाय्यक सांगायचा, "पुढच्या आठवड्यात, ताई." असं करता करता सिनेमा लागलाच.

गावातून दोन टेंपो भरून माणसं निघाली. वडिलांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता. पडद्यावर मी आले तेव्हा मागून कुणीतरी शिट्टी मारली. मग मी तोंड उघडलं आणि त्यातून एक गोड, धुतल्यासारखा स्वच्छ आवाज आला. मी कधीच न बोललेलं मराठी मी घडाघडा बोलत होते.

आई माझ्या कानाशी वाकली. "तुला तेव्हा सर्दी झालती का गं?"

 मध्यंतरात माणसं माझं अभिनंदन करत होती आणि मी तोंड उघडायला घाबरत होते. काही बोलले तर या सगळ्यांना कळेल, असं वाटत होतं. त्यांना ते केव्हाच कळलं होतं, हे मला नंतर समजलं. घरी येताना टेंपोत वडील एवढंच म्हणाले, "गावाची बाई दाखवली आन् बोली तेवढी गावाची नाय ठेवली."

दुसऱ्या दिवशी मी निर्मात्याला फोन लावला. तो प्रेमानं बोलला, हेच जास्त लागलं. "अगं, तुझा चेहरा सोनं आहे. आवाज जरा रांगडा आहे. शहरातल्या लोकांना अवघड जातं. पहिलाच सिनेमा आहे तुझा, तक्रारी करत बसू नकोस."

"कुणी बोललंय माझ्या तोंडून?"

"ते काय करायचंय तुला?"

श्रेयनामावलीत त्या बाईचं नाव नव्हतं. शेवटी ध्वनीवर काम करणाऱ्या एकानं सांगितलं की ती नेरळला राहते. मी त्याच आठवड्यात तिचा पत्ता काढला आणि भांडायच्या तयारीनं निघाले.

नेरळला भाताची खाचरं बुजवून उभ्या राहिलेल्या नव्या इमारतींपैकी एकीत, पाचव्या मजल्यावर तिचं घर होतं. पन्नाशी ओलांडलेली बाई. गॅलरीत बसून सुका जवळा निवडत होती. मी दारातूनच म्हटलं, "माझ्या तोंडून बोलणाऱ्या तुमीच का?"

तिनं हातातलं सूप खाली ठेवलं. माझ्या चेहऱ्याकडे न बघता आधी तिनं नुसता कान दिला. मग म्हणाली, "आणखी एकदा बोल."

"काय बोलू?"

"हा आवाज आठ दिवस माझ्या कानात होता," ती म्हणाली. "तुझा मूळ आवाज ऐकत ऐकत मी त्याच्यावर बोलले. पहिल्याच दिवशी त्यांना म्हटलं होतं, हिला दुसऱ्या आवाजाची गरज नाही. ते म्हणाले, तुम्ही तुमचं काम करा. मी केलं. बस."

भांडणाची सगळी वाक्यं माझ्या तोंडात तशीच राहिली. तिनं चहा टाकला. तरुणपणी तीही अभिनय करायला निघाली होती. कॅमेऱ्यासमोर उभं करून तिला सांगितलं गेलं, चेहरा चालणार नाही, आवाज मात्र छान आहे. तेव्हापासून ती अंधाऱ्या खोलीत उभी राहून इतरांच्या ओठांवर बोलत होती. तिच्या आवाजावर किती जणींना बक्षिसं मिळाली, ते ती हसत सांगत होती. भेटायला मात्र त्यातली एकही आली नव्हती.

"मला म्हणाले चेहरा नाही, तुला म्हणाले आवाज नाही," ती म्हणाली. "आपल्या दोघींची मिळून त्यांनी एक बाई केली."

मी तिला विचारलं, "मला शिकवाल?"

त्यानंतर दर मंगळवारी मी नेरळला जायला लागले. आवाज घुमू नये म्हणून तिनं आतल्या खोलीच्या भिंतीला गाद्या उभ्या लावल्या, लॅपटॉपवर माझेच प्रसंग लावले आणि मला त्यांवर बोलायला लावलं. ओठ हलण्याआधी श्वास कसा घ्यायचा, रडता रडता शब्द कसा जागेवर ठेवायचा, पाठ करून बोललेलं वाक्य लगेच कसं ओळखू येतं, हे सगळं तिनं दाखवलं. एकदा मी मुद्दाम छान, पुस्तकी बोलायला गेले. तिनं लॅपटॉप बंद केला.

"माझी नक्कल करायला येतेस का? ती मला येते. तू तुझं बोल."

पुढचा करार समोर आला तेव्हा मी शेवटच्या पानावर पेनानं लिहिलं, 'माझ्या भूमिकेचा आवाज माझाच राहील.' समोरच्या माणसानं ते वाचलं आणि कागद ओढून घेतला. "ताई, तुम्ही स्वतःला समजता कोण?"

"बोलणारी बाई," मी म्हटलं.

ती भूमिका गेली. त्यानंतरचीही गेली. ही बाई डोक्यावर बसते, असं पसरलं. दीड वर्ष मला कुणी बोलावलं नाही. मी चौक गावाजवळच्या एका नर्सरीत रोपं सांभाळायचं काम धरलं. गावात माणसं विचारायची, "काय गं, पिच्चर संपलं का?" मामा आईला म्हणाला, "तिला सांग, बोलायचं कमी कर, सगळं जागेवर येल." आई त्याला म्हणाली, "तिला बोलायलाच नाय देत म्हणून तर घरी बसलीय. आता तू पण सुरू करू नको रं."

एक दिवस नर्सरीत मोगऱ्याची रोपं घ्यायला आलेल्या एका बाईनं मला ओळखलं. "तुम्ही त्या धरणाच्या सिनेमातल्या ना? पण आवाज वेगळा वाटतोय."

"सिनेमातला माझा नाय," मी म्हटलं. "हा माझा." ती बाई रोपं तिथंच ठेवून खाली बसली आणि मला सगळी हकिकत विचारून घेतली. तिला राग आला. परक्या बाईला माझ्यासाठी राग आला, तेव्हा मला पहिल्यांदा खात्री पटली की मी हट्ट करत नाहीये.

मग एका तरुण दिग्दर्शिकेचा फोन आला. तिचा पहिला सिनेमा, एसटीतल्या बाई कंडक्टरचा. तिनं माझी अट वाचली आणि सही केली. कर्जत-खोपोलीच्या रस्त्यावर भाड्यानं घेतलेल्या बसमध्ये आम्ही महिनाभर शूटिंग केलं. पण सिनेमा जोडून झाल्यावर तिच्या निर्मात्यानं तो बघितला आणि त्याला पुन्हा तेच वाटलं. दिग्दर्शिका फोनवर रडायला लागली. "मी खूप सांगितलं त्यांना. ते म्हणतात, आवाज बदलला नाही तर सिनेमा लावणार नाहीत. मी काय करू?"

मी फोन ठेवून दिला. तिच्यावर ओरडून काय होणार होतं?

त्याच दिवशी नेरळहून फोन आला. "ऐक. तुझ्या कंडक्टरसाठी त्यांनी मला बोलावलंय. उद्या अकरा वाजता, अंधेरीच्या स्टुडिओत. मी जाणार नाही. माझ्या वेळेला तू जा."

"आणि तुमचं काम?"

"आयुष्यभर दुसऱ्यांसाठी बोलले," ती म्हणाली. "एकदा दुसरीसाठी गप्प बसून बघते."

अकराला दहा कमी असताना मी स्टुडिओत पोचले. यंत्रासमोर बसलेले गृहस्थ वयस्कर होते. त्यांनी माझ्याकडे बघितलं, समोरच्या पडद्यावर थांबलेल्या माझ्या चेहऱ्याकडे बघितलं आणि काहीही न विचारता हेडफोन माझ्या हातात दिला. मी काचेपलीकडे जाऊन उभी राहिले.  तेवढ्यात निर्माता आला.

"तुम्हाला कुणी बोलावलं?"

"करारानं." मी कागद काचेला लावला.

"कोर्टात जाणार आहात?"

"आधी ऐका. मग जा म्हणा. मी जाणार नाय, तो भाग वेगळा."

तो खुर्चीत बसला. एक फुकटा प्रवासी भर बसमध्ये कंडक्टरणीला दम देतो आणि ती त्याला उतरवते, तो प्रसंग होता. पहिल्या वेळी माझे शब्द ओठांच्या मागं पडले. निर्माता हसल्याचं मला हेडफोनमधून ऐकू आलं. मी डोळे मिटले, श्वास घेतला. दुसऱ्या वेळी जुळलं. तिसऱ्या वेळी मी विसरूनच गेले की समोर काच आहे. 'ए, खाली उतर! बस तुझ्या बापाची नाय, मानसांची हाय!' हे असं लिहिलेलं नव्हतं. ते बसमध्ये शूटिंगच्या वेळी माझ्या तोंडून गेलं होतं आणि आता मला ते परत हवं होतं.

यंत्रावरचे गृहस्थ मागं न वळता म्हणाले, "साहेब, हे तिचंच आहे. याच्यावर दुसरं काय बसवणार?"

निर्माता खुर्चीतून उठला. फोन आला म्हणून बाहेर गेला, तो त्या दिवशी परत आलाच नाही. मी चार दिवस बोलत राहिले आणि सिनेमा संपवला.

सिनेमा कर्जतला एकच आठवडा चालला, मग मोबाईलवर आला. एका परीक्षणात लिहिलं होतं, नायिकेचे उच्चार खटकतात. मी ते कापून ठेवलं नाही आणि फाडलंही नाही, त्यात भजी बांधून आली तरी मला चाललं असतं. आईनं सिनेमा दोनदा बघितला. मोहोपाड्याच्या बस थांब्यावर एका अनोळखी कंडक्टरणीनं माझा हात दाबला आणि गाडीत चढून घंटी मारली.

नेरळच्या बाईंना मात्र त्या निर्मात्याच्या गोतावळ्यातून पुन्हा कुणी बोलावलं नाही. त्याची मला अजून टोचणी आहे. मी तसं म्हटलं की त्या चिडतात. "मी तुझ्यावर उपकार केले नाहीत. मला कंटाळा आला होता." हल्ली त्या अंध वाचकांसाठी पुस्तकं वाचून ध्वनिमुद्रित करतात आणि सुरुवातीलाच आपलं नाव सांगतात. मी एका दिग्दर्शकाकडे त्यांच्यासाठी शब्द टाकला होता, छोटी भूमिका होती. त्यांनी साफ नाकारली. "आता कशाला? आता मला कुणी तोंड रंगवायला नको."

माझी अट अजून प्रत्येक करारात असते, आता टाइप केलेली. त्यापायी कामं जातात. गेल्या वर्षात दोन गेली. जी उरतात ती माझी असतात.

पुढच्या आठवड्यात कर्जतला शूटिंग आहे आणि भूमिका न्यायाधीशाची. वाचनाच्या दिवशी मी पहिलं पान बोलले तेव्हा निर्माता अवघडून म्हणाला, "मॅडम, न्यायाधीश असं बोलेल का?"

"का नाय बोलणार?" मी विचारलं. "आमच्याकडच्या पोरी काय फक्त भारेच वाहतात?"

त्यानं दिग्दर्शकाकडे बघितलं, दिग्दर्शकानं कागदाकडे. मी पुढचं पान उलटलं आणि निकाल वाचायला सुरुवात केली.