बर्फानं आणलेले तीन दगड

बहरीनला आम्ही उम्म अल हस्सम वस्तीत राहायचो तेव्हाची गोष्ट. नव्वदच्या दशकातली. लेक सातवीत होती, आणि माझं स्वतःचं शिक्षणही सातवीपर्यंतचंच. म्हणजे त्या वर्षी आम्ही दोघी एकाच यत्तेत, असं मी हसून सांगायची. आता हसू येत नाही.

तिला शाळेत भूगोलाचा प्रोजेक्ट होता. हिमनदीनं घडवलेल्या बुटक्या, जंगलवाल्या डोंगररांगेचं मॉडेल. पोरीनं आठवडाभर खपून प्लायवूडवर भिजवलेल्या वर्तमानपत्रांचे गोल गोल उंचवटे केले, मधेमधे खळगे ठेवले, हिरव्या रंगात बुडवलेल्या स्पंजचे तुकडे माथ्यापर्यंत दाट चिकटवले. आणि वर तीन काळे दगड ठेवले. वडिलांकडून त्यांच्या बांधकामाच्या साइटवरून मागवलेले, परदेशातून आलेल्या खडीतले, कारण तिथला दगड सगळा पांढरट.

शुक्रवारी, तिकडच्या सुट्टीच्या दिवशी, ती जवळच्या अदलिया वस्तीत मैत्रिणीकडे गेली. मी ते मॉडेल बघितलं. मला वाटलं, हे काय डोंगर? बसके लाडू नुसते.

आता मी महाडकडची. दिवाळीत आमच्या आळीत किल्ला करायचा तर माझ्या हातचाच, असं सगळे म्हणायचे. हात शिवशिवले हो. कणीक मळली, कागदाचे बोळे कोंबले आणि मधोमध उभा कडा चढवला. वर सपाट माथा, बाजूनं नागमोडी वाट. खळगे म्हणजे पोरीच्या हातून राहून गेलेली भोकं, असं समजून कणकेनं बुजवले. गडावर एवढं रान कुठं असतं, म्हणून वरची झाडं उपटली. आणि ते तीन दगड, डांबराच्या खडीसारखे दिसले म्हणून केराच्या पिशवीत टाकले. पिशवी खाली ठेवून आले.

लेक आली. मॉडेलजवळ वाकून दगड शोधले. मग म्हणाली, "मम्मी, व्हेअर आर माय स्टोन्स?"

"टाकले. घाण होती ती."

"दे आर नॉट फ्रॉम देअर, मम्मी. बर्फानं लांबून आणलेत ते. बर्फ मेल्ट झाला, ते तिथंच राहिले. दॅट्स द होल पॉइंट." तिचं मराठी असं अडल्यावरच बाहेर यायचं. खळगेही बर्फाचेच म्हणे. मातीखाली गाडलेला बर्फ वितळला की तिथं तळी होतात.

मी हसले. "बर्फ काय हमाल आहे, दगड वाहायला?"

ती खाली धावली. केराची गाडी येऊन गेली होती.

संध्याकाळी हे आले, बघून म्हणाले, "अगं, रायगड केलास की." कौतुकच वाटलं मला. लेक आत कणीक खरवडत बसली होती. वाळून टणक झालेली, निघेना.

दुसऱ्या दिवशी शाळेत प्रदर्शन. आम्ही आया रांगेत उभ्या. बाकी सगळ्या मुलांचे डोंगर बुटके, गोल, त्यांत निळी तळी, आणि प्रत्येकावर वेगळ्या रंगाचे दगड. आमचाच तेवढा मधे ताठ उभा. तिथं मला कळलं.

टीचर वाकल्या, कड्यावर बोट ठेवून लेकीला इंग्रजीत म्हणाल्या, वर्गात लक्ष नव्हतं का तुझं? बर्फाखाली झिजलेल्या बुटक्या डोंगराला असा कडा कसा? मग माझ्याकडे वळून, "आपने हेल्प किया क्या?"

लेकीनं माझ्याकडे एकदाच पाहिलं. "मैंने किया" एवढे दोनच शब्द मी म्हणायचे होते, आणि हिंदी मला येत होतं. पण बाजूच्या आया एकमेकींशी फाडफाड इंग्रजी बोलत होत्या, आणि मी पर्सची चेन उघडझाप करत राहिले.

"माय मिस्टेक, मिस," लेक म्हणाली.

टीचरनी मॉडेलपुढची लेकीच्या नावाची पुठ्ठ्याची चिठ्ठी उचलली आणि मॉडेल टेबलाच्या मागच्या बाजूला सरकवलं.

भूगोलाची पुस्तकं मी त्यानंतर वाचायला लागले. तिची जुनी, डिक्शनरी घेऊन. हिमनदी, खळगे, दगड, सगळं तिनं सांगितलं तसंच होतं. ह्यांच्याकडून तीन काळे दगड परत मागवले, तिच्या टेबलावर ठेवले. ती म्हणाली, "आता काय त्याचं? खलास." चिडून नाही, अगदी साध्या आवाजात.

पुढचे सगळे प्रोजेक्ट तिनं अदलियाला, मैत्रिणीकडे केले. का गं, विचारलं तर म्हणायची, "त्यांचं टेबल मोठं आहे."

मी त्यांच्या घरी गेले होते. त्यांचं टेबल आमच्याहून लहान होतं.