ओट्यावरचा पोलीस

मागे व्हिडिओ कॉलवर तुम्ही विचारलंत, "आजी, तुझ्या मागे खुर्चीत तो पोलीस कोण बसलाय?" मी म्हटलं, पाहुणा आहे. ते खोटं होतं. तुमच्या बाबांनी मला तसं सांगायला लावलं होतं. खरं काय ते आता क्रमाने लिहिते.

गिरणा नदीतून वाळू काढायला आपल्या गावात बंदी आहे. तरी भर दुपारी, गाव जेवून आडवं झालं की ट्रॅक्टर नदीत उतरत. मळ्यातल्या विहिरीचं पाणी तळाला गेलं, तेव्हा मी दोन आठवडे ट्रॅक्टरांचे नंबर आणि वेळा वहीत लिहिल्या आणि तहसीलदारांकडे तक्रार दिली. निनावी पत्र मला कधी जमलं नाही. खाली पूर्ण नाव, पत्ता, फोन लिहिला. ट्रॅक्टर तुमच्या आजोबांच्या चुलतभावाच्या मुलाचे होते. तेही लिहिलं.

चौथ्या दिवशी तो पुतण्या ओट्यावर हजर. चहा घेतला. म्हणाला, "काकू, काय सुंदर अक्षर आहे अजून तुमचं! तहसीलदार साहेबांनी दाखवलं मला." उठता उठता म्हणाला, "विहिरीकडे एकट्या जात जाऊ नका. कठडा ढिला झालाय."

मी पोलीस ठाण्यात संरक्षणासाठी अर्ज केला. साहेब म्हणाले, "आजी, घरचाच मुलगा ना? घरात बसून मिटवा."

"घरचा आहे म्हणूनच मी विहिरीवर कधी जाते ते त्याला ठाऊक आहे," मी म्हटलं.

तीन फेऱ्यांनंतर एक शिपाई मिळाला, सकाळी नऊ ते संध्याकाळी सहा. माणूस वाईट नव्हता. पण पहिल्या दिवशी तो पुतण्याच्याच पिकअपमधून उतरला. दुसऱ्या दिवशीही. मी विचारलं, तर म्हणतो, "अक्का, मी काय उडत येऊ? सकाळची एस.टी. बंद आहे. तालुक्याहून इकडे येणारी तीच एक गाडी." मी हेही साहेबांना लेखी कळवलं. उत्तर आलं नाही. मात्र पोलीस बसतो म्हणून शेजारणींनी ओट्यावर येणं सोडलं.

मग श्रावणात कानबाई देवीचा सण आला. आपल्या भाऊबंदांची कानबाई पुतण्याच्या घरी बसते. तिच्या प्रसादाच्या रोटांसाठी कुळातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू काढतात आणि ते एकत्र दळतात. ते रोट भाऊबंदांखेरीज कुणाला देत नाहीत. तुम्ही दोघं भाऊ परदेशात जन्मलात, तरी तुमच्या मुठी दरवर्षी त्या दळणात पडत आल्या. बाईची मूठ नसते, त्यामुळे माझी कधी नव्हती.

यंदा पुतण्याची आई, म्हणजे माझी चुलत जाऊ, ओट्याखाली उभी राहूनच बोलली. "अक्का, तकरार मागे ल्या. मंग तुम्हना पोरेसन्या मुठी काढसूत."

"आणि नाही घेतली तर?"

तिने खुर्चीकडे बोट केलं. "तर मंग हाऊ पोलिसच तुम्हना भाऊबंद शे."

शिपाई हसला. "घ्या ना अक्का मागे. माझीही ड्युटी सुटेल."

तुमच्या बाबांचा फोन आला. "आई, एक कागद तर आहे. मुलांचं नाव कुळातून जायला नको." मी विचारलं, "कागद खोटा आहे का?" त्यांनी फोन ठेवला. मी तक्रार मागे घेतली नाही.

कानबाईची मिरवणूक आपल्या दारावरून गेली. कुणी मान वळवली नाही. विसर्जन गिरणेत झालं. ट्रॅक्टरांनी केलेल्या खड्ड्यांत पाणी साचलं होतं, म्हणून जागा शोधावी लागली नाही. रोटाचं ताट आपल्या घरी आलं नाही.

पुढच्या आठवड्यात ठाण्याचं पत्र मिळालं: अर्जदारास कोणताही धोका आढळून येत नाही, सबब बंदोबस्त काढण्यात येत आहे. शिपाई त्याच पिकअपमध्ये बसून गेला. ट्रॅक्टर आता सकाळीही उतरतात.

तुमच्या बाबांनी त्यानंतर फोन केलेला नाही. यंदा तुमच्या मुठी निघाल्या नाहीत त्या माझ्यामुळे, हे दुसऱ्या कुणाकडून कळण्याआधी माझ्याकडून कळावं म्हणून लिहिलं. रागवायचं तर माझ्यावर रागवा. बाकी सगळ्यांवर मी रागावलेच आहे.