उलटा लावलेला दगड

लग्न ठरलं तेव्हा सांगितलं होतं, सासरे इंजिनिअर आहेत. मी मनातल्या मनात पूल आणि मनोरे रचून ठेवले. सासरी येऊन बघते तर स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात लाकडी पाचरांचा ढीग आणि तेलाचं एक कळकट डबडं. तीस वर्षं हा माणूस गावभरच्या खांबांखाली पाचरा ठोकत आला होता.

आमचं गाव एका झोपलेल्या जनावराच्या पाठीवर वसलंय. त्याचं डोकं कुठे, शेपूट कुठे, कुणालाच ठाऊक नाही. सगळे त्याला नुसतं ‘खालचा’ म्हणतात. पहाटे एकदा आणि दुपारी एकदा तो मोठा श्वास घेतो. जमीन वीतभर वर येते, मग पुन्हा बसते. बसताना खांब सरकू नये म्हणून प्रत्येक खांबाच्या बुडाशी पाचर, आणि पाचरेवर सासऱ्यांनी ओढलेली कोळशाची रेघ. रेघ बाहेर दिसली की पाचर सैल झाली असं समजायचं. ते लाकडी हातोडीने दोन ठोके द्यायचे, खांबाला कान लावायचे आणि पुढच्या घरी जायचे.

नाव मात्र मंत्रशाळेचं. श्वासाच्या वेळी तिथे मंत्रपाठ होतो आणि त्यामुळेच गाव जागेवर राहतं, अशी सगळ्यांची खात्री. मी स्वतः तिथली पाठक, पहिल्या रांगेतली, म्हणजे नाकाने कांदे सोलायला मोकळीच. एकदा जेवताना मी त्यांना विचारलं, “बाबा, तुम्हाला राग नाही येत?”

“कशाचा? मंत्र लागतोच गं,” ते म्हणाले. “तेवढा वेळ लोक एका जागी गप्प बसतात. मला खांबाचा आवाज नीट ऐकू येतो.”

गाव त्यांना तोंडावर ‘पाचरमास्तर’ म्हणायचं. शाळेतल्या बायका मला विचारायच्या, “काय गं, तुमच्याकडे खुर्चीलाही पाचर असते का?” असायची. मीही त्यांच्याबरोबर हसायचे, जरा जास्तच मोठ्याने.

मग मंत्रशाळेचं नवं सभागृह झालं. चाळीस खांब, सगळा पाया सासऱ्यांनी आखलेला. आमच्याकडे अशा इमारतीच्या दाराशी बांधणाऱ्यांच्या नावांचा दगड बसवतात. आजवरच्या दगडांवर मांत्रिकांची नावं होती, यांचं एकावरही नव्हतं. या वेळी पंचांनी मान्य केलं. दगड कोरून तयार झाला, समारंभानंतर बसवायचा म्हणून दाराशी पोत्याखाली झाकून ठेवला. सासरे दोनदा पोतं उचलून बघून आले. घरी येऊन एवढंच म्हणाले, “अक्षरं खोल कोरलीत. टिकतील.” त्यांना काही हवंय असं मी आयुष्यात तेवढ्याच वेळी पाहिलं.

समारंभाची सजावट माझ्याकडे होती. व्यासपीठाशेजारच्या खांबाखालून पाचर चार बोटं बाहेर आलेली, ओबडधोबड, तेलाने काळी पडलेली. एक पाठक म्हणाली, “ही तुमच्या घरची सही नेमकी इथेच का?” सगळ्या हसल्या आणि माझ्या अंगाची लाही लाही झाली. पाचरेला हात लावायचा नाही हे त्या घरात राहून मला कळत नव्हतं असं मी म्हणणार नाही. चांगलं कळत होतं. पण समारंभ दुपारच्या श्वासाआधी संपणार होता. मी चपलेच्या टाचेने मारून मारून ती सोडवली आणि फुलांच्या कुंडीमागे ढकलली. संपलं की परत बसवू, त्यांना कळणारही नाही.

थोरल्या मांत्रिकांचं भाषण लांबलं. ते कधी लांबलं नव्हतं? श्वास आला, आम्ही पाठ सुरू केला, जमीन वर गेली, बसली, आणि तो खांब सरकला. छताचा कोपरा माझ्या मागच्या बाईंवर आला. मला पहिला मंत्र शिकवणाऱ्या त्याच. जीव वाचला, पण पाय गेला.

ढिगारा सासऱ्यांनीच उपसला. संध्याकाळी घरी आले तेव्हा हातात ती पाचर होती, अख्खी, कडेला टाचेचे खड्डे. दारात माझी चप्पल होती. त्यांनी एकदा तिच्याकडे पाहिलं आणि पाय धुवायला गेले.

तिसऱ्या दिवशी चौकशी झाली. थोरले म्हणाले, मंत्रात चूक नव्हती. सगळ्या माना सासऱ्यांकडे वळल्या. ते उभे राहिले. “त्या खांबाची पाचर बसवायची राहिली. माझ्याकडून.”

मी तिसऱ्या ओळीत मूग गिळून बसले होते. अशा वेळी धरणीने पोटात घ्यावं असं वाटतं म्हणतात. आमच्या गावात तसं म्हणायचीही सोय नाही, खाली खरोखरच एक पोट आहे.

घरी जाताना वाटेत मी म्हटलं, “बाबा, ती पाचर...”

“त्या बाईंची जागा आता तुलाच चालवायची आहे,” ते म्हणाले. “पहाटे पाठ आहे ना? वेळेवर ऊठ.”

त्यांना कामावरून काढलं नाही. दुसरं होतं कोण? पण नाव गेलं. चांगला दगड वाया कशाला घालवा म्हणून तो उलटा करून सभागृहाची पायरी केली, अक्षरं खाली. आठवडाभराने पाठाला गेले तर सासरे पायरीपाशी गुडघ्यांवर बसलेले, हातात हातोडी. स्वतःच्या नावाखाली पाचर ठोकत होते.

“हलत होती,” ते म्हणाले. “कुणीतरी पडलं असतं.”

मी त्यांच्या शेजारून आत गेले.

गेल्या वर्षी ते गेले. थोरले शोकसभेत म्हणाले, “एकदा चुकले, पण प्रामाणिक होते.” मी पहिल्या रांगेत होते. मान डोलावली.

परवा त्या पायरीखालच्या पाचरेची काळी रेघ बाहेर दिसली. मागून पाठक येत होत्या. खाली बसून नीट ठोकायला हवी होती, त्यांची हातोडी घरात आहे. मी इकडेतिकडे पाहिलं आणि टाचेनेच ती आत सारली.